परोपकाराय ईजीआर

मोटारीतले बहुतेक भाग मालकाच्या सेवेत असतात. ब्रेक त्याचा जीव वाचवतो, एसी त्याचा घाम टिपतो, हॉर्न त्याच्या मनातलं बोलून दाखवतो. पण दोन-चार भाग कंपनीने निव्वळ दुसऱ्यांसाठी बसवलेले असतात, आणि त्यांचं पुढे काय होतं हे आमच्या ग्वाल्हेरात बाड्याच्या चौकात पाच मिनिटं उभं राहिलं की कळतं. इंडिकेटर मागून येणाऱ्यासाठी असतो, म्हणून तो लावायची पद्धत नाही. डिपर समोरून येणाऱ्याच्या डोळ्यांसाठी असतो, म्हणून त्याची दांडी गाडी भंगारात जाईपर्यंत नवीकोरी राहते. सायलेन्सर गल्लीच्या कानांसाठी असतो. तो काढून टाकता यावा म्हणून तर पोरं मोटारसायकल घेतात. ईजीआर व्हॉल्व्ह याच कुळातला, आणि कुळातला सर्वांत अभागी. तो शेजाऱ्यांच्या फुप्फुसांसाठी असतो. इंडिकेटर निदान दिसतो तरी. हा इंजिनाच्या एका कोपऱ्यात, नळ्यांच्या गर्दीत अंग चोरून बसलेला. मालकाला त्याचं नाव कळतं तेच मुळी तो आजारी पडल्यावर, आणि कळल्याबरोबर मालकाच्या तोंडून पहिलं वाक्य निघतं, 'हा काढून टाकला तर चालेल का?'

त्याचं पूर्ण नाव एक्झॉस्ट गॅस रीसर्क्युलेशन व्हॉल्व्ह. गॅरेजात एवढा वेळ कोणाला नसतो. काम मात्र ऐकण्यासारखं आहे. हवेत ७८ टक्के नायट्रोजन. अत्यंत सोशिक, कुणाच्या अध्यात ना मध्यात असलेला वायू. जन्मभर आपल्या नाकातून आत जातो आणि काही न मागता बाहेर येतो. पण सिलिंडरमध्ये डिझेलचा भडका उडून तापमान दीड हजार अंशांच्या पुढे चढलं की हा सज्जन बिघडतो आणि ऑक्सिजनचा हात धरून पळून जातो. त्यातून नायट्रोजनची जी ऑक्साइडं जन्माला येतात ती उन्हात ओझोन तयार करतात, हवेतल्या बारीक कणांत भर घालतात आणि दमेकऱ्यांना छळतात. यावर इंजिनिअरांनी काढलेला तोडगा असा: इंजिनातून बाहेर पडलेल्या धुराचा काही भाग वळवायचा आणि पुन्हा इंजिनाच्याच तोंडात घालायचा. या उष्ट्या धुरात ऑक्सिजन कमी, कार्बन डायऑक्साइड आणि वाफ जास्त. ती दोघं उष्णता पिऊन टाकतात, भडका मंदावतो, नायट्रोजन शुद्धीवर राहतो. किती धूर आत घ्यायचा ते संगणक ठरवतो आणि व्हॉल्व्ह तेवढंच दार उघडतो. गाडी रमतगमत चालली असताना दार उघडं, जोरात पळवली की बंद. अमेरिकेतल्या गाड्यांत हे उपकरण १९७० च्या दशकाच्या सुरुवातीला आलं. आपल्याकडे भारत स्टेजचे नियम आवळत गेले तसतसं ते डिझेल गाड्यांच्या गळ्यात पडलं.

आता यात मेख अशी की भडका मंदावला की डिझेल नीट जळत नाही आणि काजळी वाढते. ही काजळी इंजिनाच्या तेलाच्या वाफेला भेटते, आणि दोघांच्या संसारातून एक काळं, चिवट, डांबरी प्रकरण तयार होतं. ते व्हॉल्व्हच्या उंबरठ्यावर ठाण मांडतं. शेजाऱ्याला वाचवायला निघालेला माणूस स्वतः खोकत बसतो तो असा.

त्यातून आम्ही राहतो लष्कर भागात. दौलतराव शिंद्यांनी १८१० च्या सुमाराला इथे छावणी टाकली. तंबू उठलेच नाहीत, त्यांच्या भोवती भिंती चढत गेल्या आणि शहर झालं. तंबूंमधून जेवढी वाट सुटली तेवढ्या वाटेने आता टेम्पो, ई-रिक्षा, वराती, गाई आणि आम्ही जातो. शिंदे की छावणीहून बाड्यापर्यंत अंतर जेमतेम, पण पहिल्या गिअरमधून दुसऱ्यात आणि दुसऱ्यातून पुन्हा पहिल्यात येण्यात अर्धा तास जातो. डिझेल इंजिन तापायच्या आत भाजी घेऊन परत. इंजिन अर्धवट तापलेलं, चाल मंद, ईजीआरचं दार सताड उघडं आणि काजळीला मुक्तद्वार. डिझेल गाडीला हवं असतं ते मोकळं रान. शिंदे सरकार उन्हाळ्यात राजधानीच शिवपुरीला हलवत. आमच्या गाडीचीही तब्येत तीच होती. शे-सव्वाशे किलोमीटर शिवपुरी रस्त्याला तिला वरच्या गिअरमध्ये पळवून आणलं की आठवडाभर ती शहाण्यासारखी वागे. पण दर आठवड्याला हवापालट करायला ती महाराजांच्या घरातली नव्हती.

शेवटी व्हायचं ते झालं. सकाळी चालू केली की गाडी थरथरायची. दुसऱ्या गिअरमध्ये पाय दाबला की आधी विचारात पडायची, मग एकदम काळा ढग सोडून उडी घ्यायची. डॅशबोर्डवर इंजिनाच्या चित्राचा पिवळा दिवा लागला. हा दिवा ग्वाल्हेरात सजावटीचा भाग समजतात. त्यावर काळी चिकटपट्टी लावलेल्या गाड्या मी पाहिल्या आहेत.

आजार घरात आला की आमच्याकडे डॉक्टर शेवटी येतो, आधी घरची मतं घेतली जातात. पहिला मान काकांचा. काका शंकर गांधर्व महाविद्यालयात शिकलेले. १९१४ साली कृष्णराव शंकर पंडितांनी काढलेली ही संस्था. तिथून बाहेर पडलेल्या माणसाचा कान बेसूर गोष्ट सोडून देत नाही, मग ती गळ्यातून येवो की सायलेन्सरमधून. काकांनी बॉनेट उघडायला लावलं, डोळे मिटले, मांडीवर ताल धरला आणि म्हणाले, "तिसऱ्या मात्रेवर खातंय. तिसरा सिलिंडर बघा." मी म्हटलं, काका, आवाजावरून कसं कळेल? तर ते उखडलेच. ग्वाल्हेर घराणं उभं राहिलं ते ऐकून. हद्दू खाँ आणि हस्सू खाँ या भावांनी बडे महंमद खाँची तान पडद्याआड बसून ऐकली आणि उचलली अशी कथा आहे. काकांच्या मते ज्या गावात अख्खी गायकी अशी कानाने चोरली गेली तिथे इंजिनाचा रोग ओळखायला मशीन लागावं ही घराण्याची नामुष्की होती.

दुसरं मत समोरच्या आजोबांचं. ते एजी, म्हणजे महालेखापाल, ऑफिसातून निवृत्त झाले त्याला जमाना लोटला, पण हिशेब तपासायची सवय निवृत्त झालेली नाही. त्यांनी एक वही आणली, रकाने आखले: तारीख, किलोमीटर, धूर काळा की पांढरा, गाडी थंड की गरम, पेट्रोलपंपाची पावती जोडली आहे का. मी हसलो. पण पुढे गॅरेजात याच वहीने अर्धं निदान केलं. धूर काळा होता, पांढरा नव्हता. म्हणजे कूलंट जळत नव्हतं, ईजीआरचा कूलर फुटलेला नव्हता. त्रास थंड आणि हळू गाडीला होत होता, हायवेवर नाही. म्हणजे टर्बोवर आळ घ्यायचं कारण नव्हतं. आजोबांनी शेवटच्या पानावर लाल शाईने लिहिलं होतं, 'खुलासा मागवावा.'

तिसरं मत शेजारच्या भाऊसाहेबांचं. त्यांच्याशी आमचे संबंध सलोख्याचे आहेत, फक्त त्यांची गाडी आमच्या फाटकासमोर असते. दिल्ली नंबरची गाडी. दिल्लीत दहा वर्षांवरच्या डिझेल गाड्यांना बंदी आल्यापासून त्यातल्या बऱ्याच वानप्रस्थाश्रम घ्यायला आमच्या बाजूला येतात आणि इथली हवा मानवून घेतात. भाऊसाहेबांनी मत दिलं नाही. ते नुसते मंद हसले. त्या हसण्याचा अर्थ मला नंतर कळला.

गॅरेज झाशी रोडच्या बाजूला. ग्वाल्हेरात गाण्याच्या बैठकीनंतर माणसाला उस्ताद म्हणतात ते गॅरेजातच, आणि दोन्हीकडे शागिर्दाने प्रश्न विचारलेला चालत नाही. उस्तादांनी काकांप्रमाणेच कान लावला. फरक एवढाच की त्यांनी डोळे मिटले नाहीत, समोरच्या चहावाल्याकडे लावले. "कारबन है," ते म्हणाले. ग्वाल्हेरात उस्तादांनी 'कारबन' म्हटलं की त्यात काहीही येतं. पण त्यांचा भाचा नव्या घराण्याचा निघाला. त्याने स्टिअरिंगखाली स्कॅनर जोडला आणि कोड वाचला: पी०४०१. ईजीआरमधून धूर पुरेसा जात नाही.

इथे बहुतेक लोक व्हॉल्व्ह बदलून मोकळे होतात, आणि दिवा आठवडाभराने परत येतो. कारण कोड धूर जात नाही एवढंच सांगतो. का जात नाही हे सांगत नाही. नळी तुंबलेली असेल, वायर तुटलेली असेल, कूलर गच्च झाला असेल, हवा मोजणारा सेन्सरच मळून खोटं बोलत असेल. भाच्याने तपासलं ते मला पटलं. गाडी जागच्या जागी चालू ठेवून त्याने स्कॅनरवरून व्हॉल्व्हला उघडायचा हुकूम सोडला. व्हॉल्व्ह आणि वाट ठीक असेल तर अशा वेळी इंजिनाला धूर लागतो, ते अडखळतं, आत येणाऱ्या ताज्या हवेचा आकडा उतरतो. म्हणजे इंजिन वैतागलं तर व्हॉल्व्ह चांगला. आमचं इंजिन ढिम्म. दार अर्धवट अडकलेलं; पूर्ण मिटत नव्हतं म्हणून सकाळची थरथर आणि काळा धूर, आणि पूर्ण उघडत नव्हतं म्हणून कोड. तिसरा सिलिंडर ठणठणीत होता. काकांना हे कळवलं तेव्हा ते म्हणाले, "मग चौथा असेल."

आता उस्तादांनी ड्रॉवर उघडला. आत पत्र्याचे कापलेले तुकडे होते, प्रत्येक मॉडेलच्या मापाचे, दोन-दोन बोल्टची भोकं पाडलेले. "पत्ती लगा देते हैं भैया. किस्सा खतम."

ईजीआरच्या वाटेत हा पत्रा ठोकला की धूर परत यायचा बंद. खर्च पन्नास-शंभर रुपये, वेळ चहा निवेपर्यंत. आणि खरं सांगायचं तर मालकाचा फायदाच फायदा. इंजिनाला निव्वळ ताजी हवा मिळते, काजळी धरत नाही, गाडी हलकी वाटते. तोटा फक्त नायट्रोजनच्या बाजूने, आणि तो मालकाच्या खात्यात पडत नाही. मोटार वाहन कायद्याचं ५२ वं कलम गाडीत असे मनाचे बदल करायला मनाई करतं, १९० वं कलम प्रदूषणासाठी १०,००० रुपयांपर्यंत दंड सांगतं. पण बॉनेटमध्ये तोंड घालून गॅस्केटच्या मागे पत्रा आहे का हे बघणारा हवालदार मी अजून पाहिलेला नाही. हेल्मेट बघायलाच त्याला वर्ष पुरत नाही.

पत्ती हा काही ग्वाल्हेरच्या डोक्यातून निघालेला प्रकार नाही. जर्मनीच्या फोक्सवॅगनने हेच काम पत्रा न ठोकता केलं. गाडीच्या संगणकाला परीक्षा ओळखायला शिकवलं. तपासणी चालू आहे असं दिसलं की प्रदूषण रोखणारी यंत्रणा सोवळ्यात. रस्त्यावर आली की सोवळं सुटलं. सप्टेंबर २०१५ मध्ये अमेरिकेच्या पर्यावरण संस्थेने हे चव्हाट्यावर आणलं तेव्हा काही गाड्या रस्त्यावर मर्यादेच्या चाळीसपटीपर्यंत नायट्रोजन ऑक्साइडं सोडत होत्या, आणि अशा गाड्या जगभर १ कोटी १० लाखांच्या घरात निघाल्या. उस्तादांना मी हे सांगितलं. त्यांनी आदराने मान हलवली. जर्मन इंजिनिअरिंगबद्दल त्यांनी आजवर ऐकलेलं सगळं खरं होतं.

मी घरी येऊन विचार करतो म्हणालो. आमच्याकडे विचार करायला एक आकडा होता. २०१६ साली जागतिक आरोग्य संघटनेने जगातल्या शहरांच्या हवेची यादी काढली, त्यात पीएम २.५ च्या वार्षिक सरासरीत ग्वाल्हेर जगात दुसरं आलं. १७६ मायक्रोग्रॅम. पहिलं इराणमधलं झाबोल, २१७. तिसरं अलाहाबाद. गावात दोन प्रकारची हळहळ झाली. काहींना यादीत नाव आल्याचं दुःख होतं आणि काहींना नंबर थोडक्यात हुकल्याचं. झाबोलला धुळीची वादळं लागतात, म्हणजे ते निसर्गाच्या जोरावर पहिलं आलं. आम्ही जे केलं ते स्वतःच्या मेहनतीने, असं एक गृहस्थ बाड्यावर तावातावाने सांगताना मी ऐकले आहेत. आकडे त्यानंतर बरेच खाली आले. तरी पत्ती ठोकून आपण त्यात फूल ना फुलाची पाकळी घालावी हे मनाला पटेना. बायकोने मुद्दा सोपा केला. "आपली स्वयंपाकघराची खिडकी कुठे उघडते?" ती भाऊसाहेबांच्या गाडीच्या मागच्या बाजूला उघडते. त्यांची बैठकीची खिडकी आमच्या गाडीच्या मागे. या भूगोलात नीतिशास्त्र आपोआप तयार होतं.

आणि नेमके भाऊसाहेबच संध्याकाळी फाटकाशी आले. "काय म्हणाले उस्ताद? ईजीआर ना? अहो, पत्ती ठोका आणि मोकळे व्हा. माझ्या गाडीला तर घेतल्यापासून पत्ती आहे."

म्हणजे ज्यांच्या फुप्फुसांसाठी मी पैसे मोजायला निघालो होतो त्यांनीच मला सूट दिली होती, आणि आमच्या स्वयंपाकघरात इतकी वर्षं जे येत होतं ते फोडणीचं नव्हतं. समोरचे आजोबा वही घेऊन उभे होतेच. त्यांनी तिथल्या तिथे दोन खाती मांडली. आमच्या खर्चाने भाऊसाहेबांना स्वच्छ हवा, नावे. भाऊसाहेबांच्या बचतीने आम्हाला नायट्रोजन, जमा. ताळेबंद जुळत होता, हीच त्यांची तक्रार होती.

मी साफसफाईचा मार्ग घेतला. उस्ताद म्हणाले साफ करून काही होत नाही, नवाच टाका. त्यामुळे भाच्याला रविवारी घरी बोलावलं. आमचा वाडा जुना, मधला चौक मोठा, आणि प्रेक्षकांना बसायला ओट्या भरपूर. गाडी रात्रभर थंड झालेली हवी. गरम ईजीआरला हात लावणारा माणूस दुसऱ्यांदा लावत नाही. बॅटरीची निगेटिव्ह तार सोडली, व्हॉल्व्हचं कनेक्टर सोडलं, बोल्टांवर गंज सोडवणारं तेल मारून वाट पाहिली. बोल्ट तापून-निवून असे धरलेले असतात की जोर केला तर मुंडी हातात येते आणि धड आत राहतं. भाचा इथे उस्तादांपेक्षा सरस निघाला. त्याने घाई केली नाही. दोनदा चहा झाला, एक बोल्ट सुटला.

व्हॉल्व्ह बाहेर आला तेव्हा ओटीवरून सुस्कारा उठला. आत वाट होती यावर विश्वास ठेवावा लागत होता. लग्नघरातल्या तिसऱ्या दिवसाच्या कढईला बुडाशी जे धरतं ते इथे सगळीकडून धरलेलं होतं, आणि मध्ये करंगळीएवढं भोक. एवढ्या भोकातून हे इंजिन भाऊसाहेबांचं भलं करत होतं.

सल्ले सुरू झाले. रॉकेल, वॉशिंग सोडा, नेलपॉलिश काढायचं औषध. आजी आतून म्हणाली, चिंच लावा, तांब्याचं घंगाळ कसं निघतं बघा. चिंचेचं नाव निघाल्यावर काका गप्प राहणं शक्यच नव्हतं. हजिऱ्याला महंमद गौसच्या मकबऱ्याशेजारी तानसेनाची कबर आहे, तिच्यावर चिंचेचं झाड आहे, आणि त्याची पानं चघळली की गळा मोकळा होतो अशी शतकांची समजूत आहे. गवयी लांबून येऊन पानं तोडून नेत. मूळ झाड पानं पुरवता पुरवता केव्हाच गेलं आणि आताचं नंतरचं आहे असं सांगतात. "म्हणजे रिप्लेसमेंट," भाचा म्हणाला. काकांनी त्याच्याकडे अशी नजर टाकली की तो पाना शोधायला लागला.

चिंच तांब्या-पितळेवरचा काळपटपणा काढते, काजळीला ती जुमानत नाही. इथे लागतं कार्बोरेटर साफ करायचं फवाऱ्याचं औषध, आणि ते उघड्यावर वापरायचं, शेजारी विडी ओढणारे आजोबा नसताना. औषध मारायचं, मुरू द्यायचं, प्लास्टिकच्या पट्टीने खरवडायचं, टूथब्रशने घासायचं, पुसायचं, पुन्हा मारायचं. लोखंडी ब्रश दाराच्या बैठकीवर चालवायचा नाही. ओरखडे पडले की दार कधीच नीट मिटत नाही. आणि व्हॉल्व्हचं डोकं, जिथे मोटर आणि प्लास्टिकचे बारीक गिअर असतात, ते वर धरायचं. औषध तिकडे उतरलं तर व्हॉल्व्ह स्वच्छ होतो आणि मरतो. काळं पाणी चौकभर पसरलं. टूथब्रश कोणाचा होता हा प्रश्न दुसऱ्या दिवशी सकाळी उपस्थित झाला आणि अजून निकाली निघालेला नाही.

जुनं गॅस्केट फेकून नवं घातलं, वाट इनटेकपर्यंत शक्य तेवढी मोकळी केली, स्कॅनरवरून कोड पुसला. गाडी चालू केली तर थरथर गेलेली. काका म्हणाले, षड्ज लागला.

महिनाभर तो टिकला. मग दिवा परत. या वेळी दार मोकळं होतं, पण आतले गिअरच झिजले होते; संगणक सांगे अर्धं उघड, तर ते पाव उघडून अर्धं उघडलं असं कळवी. सरकारी खात्यात यावर नोकरी निभावते. इंजिनात नाही. साफसफाईने घाण जाते, झीज भरून येत नाही. उस्तादांनी 'मैंने तो पहले ही कहा था' हे वाक्य न बोलता नुसतं तोंडावर आणलं.

नव्या व्हॉल्व्हचे चार भाव मिळाले. आजोबांनी लेखी कोटेशनं मागवली होती. कंपनीच्या डब्यातला, तोच कारखाना पण साध्या डब्यातला, दिल्लीच्या काश्मिरी गेटवरून येणारा 'बिलकुल ओरिजिनल जैसा', आणि भंगारातल्या गाडीचा धुतलेला. किल्ल्यावरच्या चतुर्भुज मंदिरात इ.स. ८७६ चा शिलालेख आहे, त्यात आकड्यांमध्ये शून्य कोरलेलं आहे. जगभरचे गणिती ते बघायला येतात. पहिलं कोटेशन वाचल्यावर माझी खात्री पटली की ती परंपरा गावात अजून जिवंत आहे. भंगारातला व्हॉल्व्ह दुसऱ्याची काजळी घेऊन येतो, 'ओरिजिनल जैसा'मधला जैसा महाग पडतो. साध्या डब्यातला घेतला. बसवल्यावर भाच्याने स्कॅनरवरून संगणकाला नव्या दाराची ओळख करून दिली: हे पूर्ण बंद, हे पूर्ण उघडं. ही मुंज केली नाही तर संगणक जुन्याच दाराच्या हिशेबाने वागत राहतो, आणि लोक म्हणतात नवा पार्ट डुप्लिकेट निघाला.

मग चाचणी. जयविलास महालाच्या दरबार हॉलमध्ये साडेतीन-साडेतीन टनांची दोन झुंबरं टांगायची होती तेव्हा छत पेलेल का हे बघायला वर हत्ती चढवले होते असं प्रत्येक गाइड सांगतो. वजन घालून पाहिल्याशिवाय ग्वाल्हेरचा विश्वास बसत नाही. आम्हीही काका, आजोबा, आजोबांची वही, भाचा आणि हौसेने आलेले भाऊसाहेब असा ऐवज गाडीत भरला आणि उरवाई दरवाज्याने किल्ला चढलो. दोन्ही बाजूंच्या कड्यात कोरलेल्या तीर्थंकरांच्या प्रचंड मूर्ती निर्विकारपणे बघत होत्या. दुसऱ्या गिअरमध्ये, पाय दाबल्यावर, विचार न करता गाडी चढली. मागे काळा ढग नाही. भाऊसाहेबांनी खिडकीतून मान बाहेर काढून खात्री केली आणि म्हणाले, "छान झालं. पण पैसे फुकट गेले."

उतरताना पीयूसी काढून घ्यायचं ठरलं. दोघांचीही मुदत संपत आली होती, म्हणून भाऊसाहेबांनीही घरी जाऊन आपली गाडी आणली. डिझेल गाडीच्या पीयूसीत जागच्या जागी जोरात रेस देतात आणि सायलेन्सरमधून येणारा धूर किती दाट आहे ते नळी लावून मोजतात. आमच्या दोन्ही गाड्या बीएस फोर, दोघांना मर्यादा १.६२. माझ्या कागदावर ०.९ आलं, भाऊसाहेबांच्या ०.५.

आजोबांनी दोन्ही कागद उन्हात धरून पाहिले. भाच्याने खुलासा केला. गाडी जागेवर चालू असते तेव्हा चांगला ईजीआर थोडा धूर आत घेऊन बसलेला असतो. एकदम रेस दिली की त्याच्यामुळे ऑक्सिजन कमी पडतो आणि काजळी बाहेर येते. पत्ती असली की आत निव्वळ ताजी हवा, काजळी कमी, आकडा सुंदर. नायट्रोजनची ऑक्साइडं वाढतात, पण ती डोळ्यांना दिसत नाहीत आणि हे मशीन धूर सोडून दुसरं काही मोजत नाही. आजोबांनी वही मिटली. नोकरीच्या अख्ख्या काळात असं ऑब्जेक्शन त्यांनी काढलं नव्हतं.

भाऊसाहेबांनी मात्र आपला कागद घडी घालून खिशात ठेवला, माझ्या कागदावरून एकदा नजर फिरवली आणि माझ्या खांद्यावर हात ठेवला. "तुमचं जरा बघून घ्या हं," ते म्हणाले. "पत्ती लावत नाही ते ठीक, पण आजूबाजूला माणसं राहतात."